जर्सीवरचं नाव आणि घरातला पैसा

तुम्ही सामने बघा. मुलांना घेऊन बघा, शेजाऱ्यांना बोलावून बघा. खेळावरचं प्रेम कमी करा, असं मी तुम्हाला कधीच सांगणार नाही.

सांगायचं आहे ते एवढंच. खेळाडूवर तुमचा जो विश्वास आहे, तो त्याच्या जर्सीवर छापलेल्या नावाला देऊ नका. खेळाडूनं आपली जागा खेळून मिळवली आहे. ते नाव तिथं पैसे मोजून आलं आहे.

प्रायोजक नसेल तर खेळ चालत नाही, हे मलाही माहीत आहे. मैदान, प्रवास, प्रशिक्षक, सगळ्याला पैसा लागतो. ओडिशा सरकारनं 2018 पासून भारतीय हॉकी संघाला हात दिला आणि टोकियोत आपल्या पुरुष संघानं 41 वर्षांनी ऑलिंपिक पदक आणलं. असा पैसा लागावा आणि तो मिळावा.

पण ज्याला स्वतःचं नाव चांगलं दिसण्याची फार निकड असते, तोही याच रांगेत उभा असतो. आणि जर्सीवरची जागा विकणारा त्याच्या घरातले हिशेब तपासत बसत नाही. तो बोली बघतो. हिशेब तपासायचं काम तुमच्यावर येतं, कारण पैसा तुमचा जाणार असतो.

सहारा या उद्योगसमूहाची गोष्ट घ्या. ती आपल्या फार जवळची आहे.

2001 पासून 2013 च्या अखेरीपर्यंत भारतीय क्रिकेट संघाच्या जर्सीवर सहाराचं नाव होतं. एक अख्खी पिढी ते नाव बघत मोठी झाली. त्याच काळात सहाराचे एजंट गावोगावी लोकांकडून पैसे गोळा करत होते. कुणाचे रोजचे वीस-पन्नास रुपये, कुणाचे महिन्याचे पाचशे. लहान दुकानदार, रिक्षावाले, घरकाम करणाऱ्या बाया, निवृत्त शिक्षक.

आता एकाच काळातल्या दोन गोष्टी शेजारी ठेवून बघा.

मार्च 2010 मध्ये सहारानं आयपीएलमधला पुण्याचा संघ 37 कोटी डॉलरला विकत घेतला. त्याच वर्षी नोव्हेंबरात बाजार नियामक सेबीनं सहाराच्या दोन कंपन्यांना लोकांकडून आणखी पैसे घेण्यास मनाई केली. एप्रिल 2011 मध्ये वानखेडेवर आपण विश्वचषक जिंकला, तेव्हा संघाचा प्रायोजक सहाराच होता. दोन-अडीच महिन्यांत, जूनमध्ये, सेबीनं लोकांचे पैसे परत करण्याचा आदेश काढला. त्याच ऑक्टोबरात सहारानं फॉर्म्युला वन शर्यतीच्या संघात दहा कोटी डॉलर घातले. एप्रिल 2012 मध्ये पुण्याजवळ गहुंज्याच्या नव्या स्टेडियमला सहाराच्या प्रमुखांचं नाव लागलं. ऑगस्टच्या 31 तारखेला सर्वोच्च न्यायालयानं त्या दोन कंपन्यांना सुमारे 24,000 कोटी रुपये 15 टक्के व्याजासह परत करायला सांगितलं.

त्यानंतरही सव्वा वर्ष ते नाव संघाच्या जर्सीवर होतंच.

बहुतेक पैसे आपण आधीच परत केले आहेत, असं सहाराचं म्हणणं होतं. न्यायालयाचं समाधान झालं नाही. 2014 मध्ये सहाराचे प्रमुख सुब्रतो रॉय यांना अटक झाली आणि दोन वर्षांहून जास्त काळ ते तिहारमध्ये होते. दोन कंपन्यांच्या गुंतवणूकदारांची संख्या तीन कोटींच्या घरात सांगितली जात होती.

यात चूक सामान्य माणसाची आहे, असं मी मुळीच म्हणणार नाही. पैसे मागायला येणारा ओळखीचा असतो. बरेचदा नात्यातला, गल्लीतला. नाव रोज टीव्हीवर दिसणारं. अशा वेळी कागद उलटून बघणं म्हणजे समोरच्यावर अविश्वास दाखवणं, असं आपल्याला वाटतं. नेमकं तिथंच आपण अडकतो.

कागद मात्र उलटून बघायलाच हवा होता. पुष्कळ लोकांना वाटत होतं की आपण बँकेत ठेव ठेवली. हातात होते कर्जरोखे. म्हणजे आपण कंपनीला उसने पैसे दिले होते. ठेव आणि उसनवारी यांत काय फरक असतो, हे घर चालवणाऱ्याला वेगळं सांगायला नको.

आणखी एक बघा. गहुंज्याच्या स्टेडियमवरून सहाराचं नाव 2013 मध्ये उतरलं, कारण नावासाठी ठरलेले पैसे वेळेवर आले नाहीत. पुण्याच्या आयपीएल संघाचंही त्याच वर्षी बिनसलं, तेही पैशांवरूनच. क्रिकेट मंडळाकडे वकील असतात, करार असतो, बँक हमी असते. एवढं सगळं असून त्यांचेही पैसे अडकतात. तुमच्या हातात फक्त एक पावती असते.

त्या दोन कंपन्यांखेरीज सहाराच्या सहकारी संस्थाही होत्या. घरात कुणाचे त्या संस्थांत पैसे अडकले असतील, तर आधी हे करा.

ट्रंकेतली, कपाटातली, देवघराच्या मागची सगळी पासबुकं आणि पावत्या काढा. संस्थेचं नाव नीट वाचा. सरकारनं जुलै 2023 मध्ये परताव्यासाठी जे पोर्टल सुरू केलं, ते चार संस्थांसाठी आहे. सहारा क्रेडिट को-ऑपरेटिव्ह सोसायटी, सहारायन युनिव्हर्सल मल्टिपर्पज सोसायटी, हमारा इंडिया क्रेडिट को-ऑपरेटिव्ह सोसायटी आणि स्टार्स मल्टिपर्पज को-ऑपरेटिव्ह सोसायटी. सुरुवातीला एका ठेवीदाराला दहा हजारांपर्यंतच मिळत होते. 2024 मध्ये ती मर्यादा पन्नास हजार झाली.

आधारला मोबाइल जोडलेला हवा. आधारला बँक खातंही जोडलेलं हवं. दावा पन्नास हजार किंवा जास्त असेल तर पॅन कार्ड लागतं. ठेवीदार वारला असेल तर वारसानं आपली कागदपत्रं आधी जमवावीत. मूळ पावती कुणाच्याही हातात देऊ नका, झेरॉक्स द्या. अर्जाची मुदत आणि नियम सरकारी पोर्टलवरच बघा.

कुणी म्हणेल, मी तुमचे पैसे काढून देतो, एवढे टक्के माझे. त्याला दारातूनच परत पाठवा. ओटीपी तर सख्ख्या भाच्यालाही फोनवरून सांगायचा नाही. पोळलेल्या माणसाला पुन्हा लुटायला येणारे फार असतात.

आता पुढच्या वेळेसाठी.

कुणी ठेव मागायला आला की पहिला प्रश्न हा विचारा: ही बँक आहे का? बँक असेल, अगदी तुमच्या गावातली नागरी सहकारी बँक असली, तरी पाच लाखांपर्यंतच्या ठेवीला विम्याचं संरक्षण असतं. पतसंस्थेला ते नसतं. हे पुष्कळांना ठाऊक नाही, म्हणून पुन्हा सांगतो. पतसंस्थेतल्या ठेवीला तो विमा नाही. पिग्मीवाला तोच, पासबुक तसंच, काउंटरही तसाच. पण संस्था बुडाली तर फरक कळतो.

याचा अर्थ पतसंस्थेत पैसे ठेवूच नका, असा नाही. चांगल्या पतसंस्थांनी आपल्याकडे पुष्कळ घरं उभी केली आहेत. फक्त विचारा. लेखापरीक्षणात कोणता वर्ग मिळाला आहे, अ की ड? वार्षिक सभेचा अहवाल दाखवता का? कर्जं कुणाला दिली आहेत, संचालकांच्याच नातलगांना का? तालुक्याच्या सहायक निबंधकांच्या कार्यालयात जाऊन संस्थेची चौकशी करता येते. अर्धा दिवस जाईल, जाऊ द्या.

ठेवी घेणाऱ्या संस्थेच्या कार्यालयात गेलात की भिंतीकडे बघा. मालकाचा नामांकित खेळाडूबरोबरचा फोटो चौकटीत लावलेला असतो. चषक देतानाचा दुसरा फोटो शेजारी असतो. ते बघून झालं की नोंदणीचं प्रमाणपत्र कुठं लावलंय ते शोधा. नसेल तर मागा. मागितल्यावर जो चिडतो, त्याच्याकडे पैसे ठेवायचे नाहीत. खेळाडूनं तो फोटो एका कार्यक्रमात, एका मिनिटात काढलेला असतो. त्यानं त्या संस्थेचा ताळेबंद वाचलेला नसतो.

पैसे अडकले असं वाटलं तर लाजून गप्प बसू नका. महाराष्ट्रात ठेवीदारांसाठी 1999 चा वेगळा कायदा आहे. पोलिसांच्या आर्थिक गुन्हे शाखेत तक्रार करता येते. रिझर्व्ह बँकेचं ‘सचेत’ नावाचं पोर्टल आहे, तिथं बेकायदा ठेवी घेणाऱ्यांविरुद्ध कळवता येतं. चार-पाच ठेवीदार मिळून गेलात तर तुमचं म्हणणं लवकर ऐकलं जातं.

दुसरी गोष्ट मुलांच्या शिक्षणाची.

2019 पासून मार्च 2023 पर्यंत आपल्या क्रिकेट संघाच्या जर्सीवर बायजूज या ऑनलाइन शिकवणीच्या कंपनीचं नाव होतं. कतारमधल्या फुटबॉल विश्वचषकालाही ते नाव प्रायोजक म्हणून झळकलं. त्याच वर्षी, डिसेंबर 2022 मध्ये, राष्ट्रीय बालहक्क संरक्षण आयोगानं कंपनीच्या प्रमुखांना बोलावणं पाठवलं. पालकांच्या गळ्यात महागडे अभ्यासक्रम मारले जातात, अशा तक्रारी होत्या. कंपनीनं गैरप्रकार नाकारले. पुढे क्रिकेट मंडळानंच सुमारे 158 कोटींच्या थकबाकीसाठी कंपनीला न्यायाधिकरणात खेचलं आणि जुलै 2024 मध्ये कंपनीवर दिवाळखोरीची कारवाई सुरू झाली.

इथं तुमच्यासाठी धडा छोटा आहे, पण महत्त्वाचा. असे अभ्यासक्रम विकताना बरेचदा पालकांच्या नावावर कर्ज काढलं जातं. समोरचा ‘सोपे हप्ते’ म्हणतो. टॅबवर बोट फिरवायला सांगतो, ओटीपी मागतो, आणि चहा संपायच्या आत तुम्ही कर्जदार झालेले असता. क्लास एकाचा, कर्ज दुसऱ्याच संस्थेचं. मूल शिकेनासं झालं, क्लास बंद पडला, तरी हप्ता चालूच.

म्हणून त्याच दिवशी सही करायची नाही, कितीही सवलत देत असले तरी. कर्ज आहे का, हे सरळ विचारा. असेल तर कुणाचं, किती व्याजानं, एकूण किती परत करायचे, हे एका कागदावर मागा. तो कागद देणं कर्ज देणाऱ्याला बंधनकारक आहे. मोबाइलवरून घेतलेलं कर्ज सुरुवातीच्या ठरावीक दिवसांत परत करायची सोयही असते, ती किती दिवसांची ते विचारून ठेवा. फसवणूक झाली तर ग्राहक हेल्पलाइनचा नंबर 1915 आहे.

मोबाइलवर पैसे लावायच्या खेळांबद्दल थोडक्यात सांगतो. 2023 पासून संघाच्या जर्सीवर ड्रीम इलेव्हनचं नाव होतं. ऑगस्ट 2025 मध्ये संसदेनं पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदीचा कायदा केला आणि ते नाव गेलं. सप्टेंबरातला आशिया चषक आपला संघ प्रायोजकाशिवाय खेळला. काल जे नाव देशाच्या संघाच्या अंगावर होतं, त्याचा खेळ आज कायद्यानं बंद. तेव्हा ‘जर्सीवर होतं म्हणजे सरकारमान्य’ हा समज डोक्यातून काढून टाका. बंदीनंतरही कुणी लिंक पाठवून खेळायला बोलावत असेल, तर ते बेकायदा आहे. मुलाच्या खात्यातून पैसे गेले असतील तर मुलाला मारू नका. ताबडतोब 1930 वर फोन लावा. पहिल्या काही तासांत कळवलं तर पैसे थांबवता येण्याची शक्यता जास्त असते.

तंबाखूचं तर तुम्हाला ठाऊकच आहे. सहाराच्या आधी आपल्या संघाच्या अंगावर विल्स या सिगारेटचं नाव होतं. 1996 चा विश्वचषकही विल्सच्याच नावानं झाला. धावणारी, दमसास लागणारी माणसं आणि सिगारेट यांचा काय संबंध? संबंध पोरांशी होता. 2003 च्या कायद्यानं तंबाखूच्या जाहिराती आणि प्रायोजकत्व बंद झालं. आता वेलचीच्या नावानं, पान मसाल्याच्या नावानं तंबाखूवालेच मैदानाच्या कडेला दिसतात. मुलं सामना बघत असतील तेव्हा त्यांना हे एकदा उघड सांगा. त्यांना लवकर कळतं.

कंपन्या करतात तेच कधी कधी देशही करतात. मोठी स्पर्धा भरवायची, जगाला बोलावायचं, झगमगाट दाखवायचा. ही रीत जुनी आहे. 1936 च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी हिटलरच्या राजवटीनं रस्त्यांवरच्या ज्यूविरोधी पाट्या तेवढ्यापुरत्या काढून ठेवल्या. पाहुण्यांना शहर छान दिसलं. त्याच ऑलिंपिकमध्ये ध्यानचंदांच्या हॉकी संघानं 15 ऑगस्टला जर्मनीला 8-1 असं हरवून सुवर्णपदक घेतलं. ते पदक खरं होतं. बाहेर जे दाखवलं जात होतं, ते खरं नव्हतं. एकाच मैदानात दोन्ही असू शकतात.

देशांच्या या झगमगाटाचा आपल्या घरांशी संबंध आहे. रत्नागिरी, रायगडमधून, मुंबईतून, गोव्यातून पिढ्यान् पिढ्या माणसं आखातात कामाला जातात. कतारची स्टेडियम उभी करणाऱ्यांत भारत, नेपाळ, बांगलादेशातले मजूर मोठ्या संख्येनं होते. त्यांचं थकलेलं वेतन, उन्हातलं काम, मृत्यू, यांची चर्चा जगभर झाली. आता 2034 चा फुटबॉल विश्वचषक सौदी अरेबियात व्हायचा आहे. कामं निघतील. एजंट येतील. त्यांच्या मोबाइलमध्ये चकचकीत स्टेडियमचे व्हिडिओ असतील.

तुमचा मुलगा, भाऊ जाणार असेल तर जाऊ द्या, पण नीट जाऊ द्या. एजंट सरकारकडे नोंदलेला आहे का, हे ई-मायग्रेट पोर्टलवर बघा. नोंदलेल्या एजंटला तीस हजार रुपये आणि त्यावरचा जीएसटी एवढंच शुल्क घेता येतं. लाख-दीड लाख मागत असेल तर शेत गहाण टाकू नका, एजंट बदला. व्हिजा कामाचा आहे ना, पर्यटकाचा नाही ना, ते बघा. करार समजणाऱ्या भाषेत वाचून घ्या. पगार किती, जेवण-राहणं कुणाचं, सुट्टी कधी, आजारपणात काय. पासपोर्ट मालकाकडे ठेवायला देऊ नये, हे जाणाऱ्याला बजावून सांगा. पासपोर्ट, व्हिजा, करार, तिन्हींची झेरॉक्स घरी ठेवा. भारतीय दूतावासाचा नंबर त्याच्या फोनमध्ये आणि तुमच्या भिंतीवर, दोन्हीकडे हवा.

शेवटी गावातल्या मंडळांशी बोलतो.

तुम्ही कबड्डीचे सामने भरवता, अंडरआर्म क्रिकेटच्या स्पर्धा घेता. पहिलं बक्षीस अमुक यांच्या सौजन्यानं, दुसरं तमुक यांच्या. वर्गणीत भागत नाही, ते मी जाणतो. पण फलकावर नाव घालायच्या आधी तुम्हीही प्रायोजकच निवडत असता. लोक तुमच्या तोंडाकडे बघून त्या नावावर विश्वास ठेवतात. उद्या ती कंपनी पळाली, तर तुमच्या आईच्या मैत्रिणी तुमच्याच दारात येतील.

म्हणून बैठकीत हे ठरवून टाका. गुटखा, पान मसाला, सट्टा यांचा पैसा घ्यायचा नाही, रक्कम कितीही असो. महिन्याला पैसे दुप्पट करणारी योजना चालवणाऱ्याचा तर नाहीच. ठेवी घेणारी संस्था असेल तर नोंदणी आणि लेखापरीक्षणाचा कागद आधी मागायचा. तो बघूनही मैदानात फक्त बॅनर लावू द्यायचा. टेबल टाकून फॉर्म भरून घ्यायला द्यायचं नाही. ध्वनिक्षेपकावरून ‘यांच्याकडे पैसे ठेवा’ असं निवेदकानं म्हणायचं नाही. नाव वाचायचं, आभार मानायचे, पुढचा सामना पुकारायचा.

एवढं करून बक्षिसाची रक्कम थोडी कमी पडली तर पडू द्या. ढाल तीच ठेवा, रोख कमी करा. खेळणारी पोरं त्यासाठी यायची थांबणार नाहीत. आणि स्पर्धा संपल्यावर कुणी किती दिले, कुठं खर्च झाले, याचा हिशेब मंडळाच्या फळ्यावर लिहून आठवडाभर तसाच ठेवा.